तेरसनंतरची

मांत्रिकांचं राज्य आलं तेव्हा
मी सावद्याच्या वखारीत केळीची वजनं लिहायचो.
अक्षर बरं, म्हणून मला तारीखनवीस केलं.
काम एवढंच: पहाटे कचेरीच्या दारावर
खडूनं दिवस लिहायचा.
लिहिल्यावरच तो उजाडायचा.
एकदा मला ताप आला, तर
दुधाच्या कासंड्या घेऊन माणसं
कंदिलानंच हिंडली दुपारपर्यंत.

त्यांचं साल सहा कर्मांचं,
साठ दिवसांचं एकेक.
स्तंभनात वारा हुकमानं थांबायचा,
तापीवर उडालेला बगळा
अधांतरी तसाच, उन्हं कलेपर्यंत.
आम्हाला नवल नव्हतं,
आमचा वैशाख पहिल्यापासून तसलाच.
मग उच्चाटन. उभे बाग आडवे व्हायचे
आणि पंचनाम्याला कोणी यायचं नाही.
वशीकरणात लग्नं.
विद्वेषणात बांधावरची भांडणं,
तीही कचेरीतून नेमून आलेली, गट नंबरासकट.
मारण थंडीचं, घड काळे पडायचे.
शांती सगळ्यात शेवटी,
सारा भरण्यापुरती.

साठ सक तीनशे साठ.
पाच दिवस उरले, ते कुठल्याच मंत्रात बसेनात.
ते मी लिहायचे नव्हते.
ते आपापले उजाडायचे, जरा उशिरा,
आणि बाया त्यातच झोके बांधून
आखाजी उरकून घ्यायच्या.

थोरला मांत्रिक एकदा खरोखर चिडला.
"आठवडा म्हणता, आणि वार सातच?"
त्यानं आठवा काढला. मूकवार.
बाजार भरेल, पण भाव कोणी बोलायचा नाही.
रुमालाखाली बोटं दाबून आम्ही केळी विकली;
बैलबाजारातली विद्या, कामाला आली.

चंद्र त्यांच्या हिशेबात नव्हता.
म्हणून तिथ्या बंद.
एकादशी म्हटलं तर एक घड दंड, अवस म्हटलं तर दोन.
मग मला यादी करायला लावली:
तिथीचं नाव असलेली माणसं.
नदीकाठच्या गल्लीतला चावदस निघाला,
चावदस तोताराम, वय सत्तर-बाहत्तर,
शुद्धातला की वद्यातला त्यालाही ठाऊक नाही.
"दुसरं नाव सांगा," मी म्हटलं.
तो सुतळी वळत होता. म्हणाला,
"केळीले विचार. तिले पान कव्हा काढा, कोन सांगतं?"
मी रकाना कोरा ठेवला.

त्याची बायको सुपडाबाई.
नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, म्हणून
पन्नास वर्षं ती ती तिथीच बोलली नव्हती.
तेरस म्हणायची, पुनव म्हणायची,
मधलीला म्हणायची तेरसनंतरची.
सगळ्या गल्लीत कायदा आधीपासून पाळणारी
ती एकटीच.

त्या दिवशी मूकवार होता.
दिवेलागणीला रावेरच्या अंगानं चंद्र वर आला,
कडेला बोटभर कमी.
दारोदार लोक नुसते बघत उभे.
काय म्हणायचं त्याला, सगळ्यांच्या जिभेवर होतं,
आणि कचेरीचा शिपाई कोपऱ्यावर.

तेव्हा सुपडाबाई उंबऱ्यावर आली,
हाताला पीठ तसंच,
आणि ओरडली,
"चावदस! ओ चावदस!
भाकर थंडी होऊ राह्यली!"

शिपायानं माझ्याकडे पाहिलं.
मी म्हटलं, जेवायला बोलावतेय.

गल्लीत कोणीतरी हळूच म्हटलं, "चावदस."
मग पलीकडच्या ओट्यावरून, "चावदस."
एक पोरगं तर चंद्राकडे बोट करून म्हणालं.

ज्याचं नाव तो मात्र
सुतळीचं बंडल हातात घेऊन
अंगणात तसाच उभा राहिला,
कानापर्यंत लाल,
नवरदेवासारखा,
आत जावं की नाही
कळेना त्याला.